गाणं आपलं, चॅनलही आपलं: खान्देशात स्वतंत्र पॉप बँड चालवायचा तर

खान्देशात वाजवणाऱ्या पोरांची कमी नाही. चोपडा घ्या, साक्री घ्या, शहादा घ्या. तालुक्याच्या गावी एक कीबोर्डवाला, एक ऑक्टोपॅडवाला, एक गळ्याचा पोरगा आणि लॅपटॉपवर बीट बसवणारा कुणीतरी सापडतोच. अहिराणी गाण्यांना यूट्यूबवर कोटींनी व्ह्यूज मिळतात. जळगाव जिल्ह्यातला संजू राठोड २०२४ मध्ये देशभर वाजला, तेव्हापासून ‘मुंबईला गेल्याशिवाय काही होत नाही’ हे वाक्यही लोक जरा जपून बोलतात. तरी स्वतःची गाणी करणारा चार-पाच जणांचा बँड इथे पाच वर्षं टिकलेला क्वचितच दिसतो. बहुतेकांचं गाडं एकाच जागी अडतं: पैसा कुठून येणार आणि तो कोणाच्या नावावर जमा होणार, हे सुरुवातीला बसून कुणी ठरवलेलंच नसतं.

बँडला पैसा तीन वाटांनी येतो. शोचा पैसा लगेच हातात पडतो, पण दुसऱ्या दिवशी पुन्हा राबावं लागतं. रेकॉर्डिंगचा पैसा स्ट्रीमिंग आणि यूट्यूबवरून हळूहळू झिरपतो. शब्द आणि चाल यांच्या हक्काचा पैसा सगळ्यात उशिरा येतो, पण गीतकार-संगीतकाराच्या पश्चातही ६० वर्षं येऊ शकतो. खान्देशात पहिल्या वाटेची सगळ्यांना सवय आहे. बाकीच्या दोन वाटा लोक दहा-पंधरा हजारांत विकून मोकळे होतात. हा लेख मुख्यतः त्या दोन वाटा हातात कशा ठेवायच्या याबद्दल आहे. शोचा भागही येईलच, कारण पोट त्यावरच चालतं.

आधी माणसं, मग कागद

चार माणसं पुरतात: गाणारा किंवा गाणारी, कीबोर्ड-प्रोग्रॅमिंग सांभाळणारा, तालाचा माणूस आणि गिटार किंवा बेस. सहावा-सातवा आला की गाडी मोठी लागते, ताटं वाढतात आणि प्रत्येकाच्या हातात उरणारा आकडा खाली येतो. माणूस निवडताना वाजवण्याइतकेच गुण मी दोन गोष्टींना देतो: फोन उचलतो का, आणि मे महिन्यात नात्यातल्या किती लग्नांना त्याला ‘जावंच लागतं’. तुमच्या कामाच्या तारखा त्याच असतात. एमआयडीसीत शिफ्ट करणारा किंवा शाळेवर नोकरीला असलेला माणूसही चालेल, फक्त त्याला रजा कधी मिळते हे आधी माहीत हवं.

करार पहिलं गाणं बाहेर पडण्याआधी करा. गमावण्यासारखं काही नसतं तेव्हा सगळे हसत सही करतात. गाणं चाललं की तोच कागद पुढे केल्यावर घरचे, मेहुणे, वकील सगळे मध्ये येतात. ५०० रुपयांच्या स्टँप पेपरवर साध्या मराठीत लिहा: बँडचं नाव कोणाचं, शोचे पैसे कसे वाटायचे, बँडच्या पैशातून घेतलेलं सामान कोणाचं, कुणी सोडून गेला तर जुन्या गाण्यांतला त्याचा वाटा चालू राहणार का (राहायलाच हवा), आणि नवा माणूस आला तर तो कोणत्या गाण्यांपासून हिस्सेदार. खर्च करायला किती जणांची संमती लागेल, हेही त्यातच येऊ द्या.

वाटणीचं एक सोपं सूत्र सांगतो. समजा, पाचोऱ्याला ४०,००० रुपयांचा शो ठरला. गाडी-डिझेल ५,०००, भाड्याचं सामान ६,०००, चहा-जेवण १,५००, मदतीचा पोरगा १,५००. उरले २६,०००. त्याचे पाच वाटे करा: चौघांचे चार आणि पाचवा बँडचा. प्रत्येकाला ५,२०० आणि बँडच्या खात्यात ५,२००. बँड हा पाचवा सभासद आहे असं एकदा मान्य झालं की नवीन माइक कोणाच्या खिशातून घ्यायचा हे भांडण उरत नाही. ते खाते मात्र वेगळं आणि दोघांच्या सहीचं हवं. गायकाच्या फोनपेवर सगळे पैसे येत राहिले, तर सहा महिन्यांत बँड फुटतो.

शोची वाटणी आणि गाण्याची वाटणी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. शोमध्ये चौघांनी सारखा घाम गाळला, म्हणून वाटा सारखा. गाण्याचे शब्द आणि चाल ज्यांनी केली, हक्क त्यांचा. काही बँड मुद्दाम ठरवतात की गाणं कोणीही लिहो, नाव चौघांचं लागेल. तेही ठीक, पण ते लिहिलेलं हवं. प्रत्येक गाणं पुरं झालं त्याच दिवशी एका पानावर लिहा: गाण्याचं नाव, शब्द कोणाचे किती टक्के, चाल कोणाची किती टक्के, गायलं कोणी, वाजवलं कोणी, रेकॉर्डिंगचा खर्च कोणी केला. सगळ्यांच्या सह्या, तारीख, आणि फोटो काढून ग्रुपवर.

रेकॉर्डिंगच्या खर्चाची ती ओळ गाळू नका. कायद्याने ध्वनिमुद्रणाचा पहिला मालक त्याचा निर्माता, म्हणजे ते करून घेण्याचा पुढाकार आणि जबाबदारी ज्याने घेतली तो. ‘भाऊ, पैशाचं राहू द्या, आपलाच स्टुडिओ आहे’ असं म्हणून कुणी फुकट रेकॉर्ड करून दिलं, तर चहा प्या, आभार माना आणि ‘या ध्वनिमुद्रणाचे सर्व हक्क बँडचे’ एवढं एक वाक्य त्यांच्या सहीने घ्या. शक्य असेल तर थोडे तरी पैसे देऊन पावती घ्या. माणूस चांगला असला तरी उद्या त्याचा भाऊ किंवा मुलगा हिशेब काढू शकतो.

नाव

नाव ठरवण्याआधी यूट्यूब, स्पॉटिफाय, जिओसावन आणि इन्स्टाग्रामवर शोधून बघा. त्याच नावाचा दुसरा कलाकार असेल तर तुमची गाणी त्याच्या पानावर जाऊन बसतात आणि ती सोडवताना महिने जातात. नावाचं रोमन स्पेलिंग एकदाच ठरवा आणि फ्लेक्सपासून बँक खात्यापर्यंत तेच ठेवा. दोन-तीन गाणी चालली की ट्रेडमार्कसाठी अर्ज करा. मनोरंजनाच्या सेवा ४१व्या वर्गात येतात. व्यक्ती किंवा लघुउद्योग म्हणून ऑनलाइन अर्जाची फी प्रत्येक वर्गाला ४,५०० रुपये आहे. लघुउद्योगाचा दाखला देणारी उद्यम नोंदणी फुकट होते, त्यासाठी कुणालाही पैसे देऊ नका.

गाणं कुठून आणायचं

भाषेचा प्रश्न इथे सगळ्यांना पडतो. अहिराणीत गायलं तर पुणेकरांना कळेल का, आणि मराठीत गायलं तर धुळ्याचा माणूस नाचेल का? माझं मत सरळ आहे: तालमीत तुम्ही ज्या बोलीत भांडता त्या बोलीत गा. धुळे, साक्री, अमळनेर, चाळीसगावकडे ती अहिराणी असेल, यावल-रावेर-भुसावळकडे लेवा गणबोली, शहादा-तळोद्याच्या पट्ट्यात भिलोरी किंवा पावरी. ऐकणाऱ्याला प्रत्येक शब्द कळला पाहिजे असं नाही, पण गाणाऱ्याने तो उसना आणलेला नसावा.

हळदीची डीजे-छाप गाणी सगळेच करतात, म्हणून तिथे गर्दीही सगळ्यात जास्त आहे. बँडला वेगळेपण हवं असेल तर श्रावणात बसणाऱ्या कानबाई देवीची गाणी, आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) झोक्यावरची गौराईची गाणी आणि वहीगायन या लोककलेच्या चाली यांच्याकडे कान द्या. पारंपरिक गाण्यावर कुणा एकाचा मालकी हक्क नसतो. मात्र कुणीतरी रेकॉर्ड केलेलं तेच गाणं उचलून त्याचा तुकडा आपल्या ट्रॅकमध्ये टाकला, तर ते रेकॉर्डिंग त्यांचं असतं. म्हणून गावातल्या आजीबाईंकडून गाणं प्रत्यक्ष ऐका, परवानगी विचारून फोनवर टिपून घ्या, पुन्हा स्वतः गा आणि गाण्याच्या माहितीत त्यांचं नाव व गाव द्या. त्यांना थोडं मानधनही द्या. कायदा ते मागत नाही, पण पुढच्या वर्षी त्याच अंगणात जायचं असतं.

बहिणाबाई चौधरींच्या कविता घ्यायची इच्छा बहुतेकांना होते. त्यांचं निधन १९५१ मध्ये झालं आणि पहिला संग्रह मरणोत्तर, १९५२ मध्ये निघाला. ६० वर्षांची मुदत २०१२ अखेर संपली, त्यामुळे त्या संग्रहातल्या शब्दांना नवी चाल लावायला परवानगी लागत नाही. पण लोकांच्या कानात बसलेल्या चाली त्या-त्या संगीतकारांच्या आहेत. त्या धरू नका, आपली लावा.

इंटरनेटवरून घेतलेल्या बीटचंही तसंच. स्वस्तात मिळणारी बीट बहुधा भाड्याची असते, म्हणजे तीच बीट आणखी पन्नास जणांनी घेतलेली असते. परवाना वाचा, सांभाळून ठेवा, आणि अशा गाण्यावर यूट्यूबची कंटेंट आयडी सेवा लावू नका. लावलीत तर बाकी पन्नास जणांच्या व्हिडिओवर तुमचा दावा जातो आणि कधी ना कधी तो तुमच्यावर उलटतो.

घरातलं रेकॉर्डिंग

मोठ्या स्टुडिओची गरज मिक्सिंगला लागली तर लागते. सुरुवातीला दोन इनपुटचा ऑडिओ इंटरफेस (माइक-वाद्यांचा आवाज लॅपटॉपमध्ये नेणारी पेटी), एक चांगला डायनॅमिक माइक, बंद कपाचे हेडफोन आणि लॅपटॉप एवढ्यावर काम भागतं. कंडेन्सर माइक घ्यायची घाई करू नका. साध्या खोलीत तो शेजारच्या मिक्सरपासून गल्लीतल्या भोंग्यापर्यंत सगळं पकडतो. भिंतींना महागडा फोम लावण्यापेक्षा गाणाऱ्याच्या मागे आणि बाजूला दोरीवर जाड गोधड्या टाका, आवाज लगेच सुका होतो. ऑक्टोपॅड थेट इंटरफेसला जोडला की ड्रमसाठी वेगळी खोली लागत नाही. आपल्याकडच्या बँडला हा मोठाच फायदा आहे, तो वापरा.

जळगाव-भुसावळला एप्रिल-मेमध्ये पारा ४४-४५ अंशांवर जातो. पंखा बंद करून गायला बसलात तर दहा मिनिटांत गळाही जातो आणि लॅपटॉपही. म्हणून त्या दिवसांत गायन पहाटे उरकायचं किंवा सरळ पावसाळ्यावर ढकलायचं. लाइट जाते, म्हणून इंटरफेस आणि लॅपटॉप छोट्या यूपीएसवर ठेवा. प्रोजेक्ट २४ बिटमध्ये करा, आवाजाची पातळी लाल दिव्यापासून बरीच खाली राहू द्या, आणि त्या दिवशीचं काम त्याच रात्री दोन ठिकाणी कॉपी करा. त्यातली एक कॉपी दुसऱ्याच्या घरी.

मिक्स झाल्यावर तीन ठिकाणी ऐका: हेडफोनवर, फोनच्या उघड्या स्पीकरवर आणि रिक्षात. खान्देशातला श्रोता गाणं रिक्षात आणि ट्रॅक्टरवर ऐकतो. तिथे बास नुसता भुंकतो आणि शब्द बुडतात. ओळखीच्या रिक्षावाल्याला सांगा, ‘दादा, एक चक्कर मारू स्टेशनपर्यंत’, आणि मागच्या सीटवर बसून शब्द कळतात का ते बघा. कळले नाहीत तर कीबोर्डच्या आवाजातला मधल्या पट्टीचा भाग कमी करा, गायकाचा आवाज नुसता वाढवत बसू नका. मास्टर करताना, म्हणजे गाण्यावर शेवटचा हात फिरवताना, आवाज ठेचून मोठा करण्यातही अर्थ नाही. स्पॉटिफाय आणि यूट्यूब मोठ्या गाण्याचा आवाज आपोआप खाली आणतात. स्पॉटिफायची साधारण पातळी उणे १४ लफ्स (आवाजाचा मोठेपणा मोजायचं एकक) आहे.

चॅनलवाल्याची ऑफर

गाणं तयार झालं, ग्रुपवर फिरलं, की फोन येतो. मोठ्या चॅनलवरून. ‘गाणं आम्हाला द्या, पंधरा हजार रोख, शूटिंग आमचं.’ घरात पंधरा हजार मोठे असतात, आणि चॅनलला लाखो सबस्क्रायबर असतात. अशा वेळी एक प्रश्न आधी स्वतःला विचारायचा, आपल्या बोलीतच: गानं तुमनं शे, पन चॅनल कोनं शे?

प्रत्येक ऑफर वाईट असते असं नाही. कागद वाचायला यायला हवा. दोन शब्द शोधा: हक्क ‘कायमचे हस्तांतरित’ होतायत की ‘परवाना’ दिला जातोय. हस्तांतर म्हणजे विक्री. परवाना म्हणजे भाडं, मुदत संपली की गाणं परत. १९५७च्या कॉपीराइट कायद्याचं १९वं कलम इथे तुमच्या बाजूने आहे. हस्तांतर लेखी आणि सहीचंच हवं, फोनवरच्या ‘हो’ने गाणं जात नाही. कागदावर मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि घेणाऱ्याने एका वर्षात तो हक्क वापरलाच नाही, तर वेगळं काही ठरलेलं नसल्यास हस्तांतर रद्द होतं. म्हणूनच समोरचा ‘जगभरासाठी, कायमस्वरूपी, सर्व माध्यमांत’ असं छापून आणतो. ती ओळ खोडून घेता येते. बहुतेक पोरं ती खोडायला सांगतच नाहीत.

२०१२च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकाराला आणखी एक कवच दिलं: ध्वनिमुद्रणातून येणाऱ्या रॉयल्टीतला त्यांचा समान वाटा कराराने सोडता येत नाही. तो फक्त वारसाला किंवा कॉपीराइट संस्थेलाच देता येतो. ‘सगळी रॉयल्टी सोडतो’ असं लिहून घेतलं तरी त्या ओळीला किंमत नाही. मात्र हे कवच शब्द आणि चाल यांच्यासाठी आहे. ध्वनिमुद्रण विकलंत तर ते विकलंतच.

मला व्यवहारात बरा वाटणारा मधला मार्ग असा. गाणं बँडच्या चॅनलवर आणि बँडच्या नावाने सगळ्या प्लॅटफॉर्मवर आधी टाका. मोठ्या चॅनलला दोन किंवा तीन वर्षांचा परवाना द्या, तोही फक्त व्हिडिओसाठी. रोख रक्कम कमी घ्या आणि जाहिरातीच्या उत्पन्नात टक्का मागा, दर तीन महिन्यांनी हिशेबाच्या स्क्रीनशॉटसह. पोस्टरवर आणि वर्णनाच्या पहिल्या दोन ओळींत बँडचं नाव व तुमच्या चॅनलची लिंक. समोरच्याने याला नकार दिला तर पंधरा हजारांत तो नक्की काय विकत घेत होता ते लगेच कळतं.

गाणं बाहेर काढायचं वेळापत्रक

प्रकाशनाची तारीख ठरवून सहा आठवडे मागे मोजा. डिस्ट्रोकिड, ट्यूनकोर, सीडी बेबी अशा वितरण सेवा पैसे घेऊन गाणं सगळीकडे पोचवतात. वार्षिक वर्गणी भरणं थांबवलं तर गाणी उतरवली जातात का, हे नोंदणीआधी वाचा. त्यांना वेव्ह फाइल, ३००० बाय ३००० पिक्सेलचं चौकोनी मुखपृष्ठ आणि गीतकार-संगीतकारांची पूर्ण खरी नावं लागतात. ‘डीजे भाऊ’ असं टोपणनाव गीतकाराच्या रकान्यात गेलं की रॉयल्टी त्याला शोधत बसते. भाषेच्या यादीत अहिराणी सापडली नाही तर मराठी निवडा. प्रत्येक रेकॉर्डिंगला बारा अक्षर-अंकांचा आयएसआरसी क्रमांक मिळतो. तो वहीत उतरवून ठेवा, कारण वितरक बदलताना तोच क्रमांक पुन्हा दिला तर आधीचे स्ट्रीम सोबत येतात.

स्पॉटिफायच्या कलाकारांसाठीच्या पानावरून गाणं प्लेलिस्टसाठी सुचवता येतं, तेही प्रकाशनापूर्वीच आणि एका वेळी एकच. किमान सात दिवस आधी सुचवलं तर ते तुमच्या फॉलोअर्सच्या नव्या गाण्यांच्या यादीत जातं. मी तीन-चार आठवडे आधी करायला सांगेन. सुचवताना ‘छान गाणं आहे’ लिहू नका. ‘कानबाईच्या सणातल्या लयीवर अहिराणी पॉप, धुळ्याचा चार जणांचा बँड’ असं नेमकं लिहा. एक कडू गोष्ट आधीच सांगतो: २०२४ पासून एखाद्या गाण्याला मागच्या बारा महिन्यांत १,००० स्ट्रीम झाले नाहीत, तर स्पॉटिफायकडून त्या गाण्याचे पैसे येत नाहीत.

यूट्यूबवर जाहिरातीचा वाटा हवा असेल तर १,००० सबस्क्रायबर, आणि वर्षभरात ४,००० तास पाहणं किंवा ९० दिवसांत शॉर्ट्सवर १ कोटी व्ह्यूज लागतात. ५०० सबस्क्रायबरवर उघडणाऱ्या खालच्या पायरीत फक्त चाहत्यांकडून थेट पैसे घेता येतात. पैसे सुरू होण्याआधी अमेरिकी कराचा फॉर्म भरा. न भरल्यास जगभरच्या उत्पन्नातून २४ टक्क्यांपर्यंत कापले जाऊ शकतात. भरला आणि भारत-अमेरिका कराराचा लाभ घेतला तर अमेरिकेतल्या प्रेक्षकांच्या उत्पन्नावर १५ टक्के.

दुसऱ्यांची गाणी गाऊन टाकलीत तर व्ह्यूज तुमचे, पैसे मूळ मालकाचे. ओळख वाढवायला महिन्यात एखादं ठीक आहे.

नोंदण्या

गीतकार आणि संगीतकाराने आयपीआरएसचं, म्हणजे त्यांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचं, सभासद व्हावं. सभासदत्व व्यक्तीचं असतं, बँडचं नसतं, आणि प्रत्येक गाणं टक्केवारीसह तिथे नोंदवावं लागतं. तो सह्यांचा कागद इथे कामाला येतो. गायक-वादकांच्या हक्कांसाठी इसाम्रा (आधीची इसरा) ही वेगळी संस्था आहे. कॉपीराइट कार्यालयातली नोंदणी सक्तीची नाही, गाणं निर्माण झालं की हक्क आपोआप असतो. पण वाद झाला तर पुरावा म्हणून उपयोगी पडते. फी शब्दांसाठी किंवा चालीसाठी ५०० रुपये, ध्वनिमुद्रणासाठी २,०००. सगळीच गाणी नोंदवत बसू नका, ज्यांच्यावर डोळा पडेल असं वाटतं ती नोंदवा.

शो

खान्देशचं वर्ष लगीनसराईवर चालतं. तुळशीच्या लग्नानंतर हंगाम उघडतो आणि मे-जूनमध्ये शिगेला पोचतो. त्याच्या आत-बाहेर गणपती, नवरात्र, श्रावणातली कानबाई, धुळ्याची एकवीरा देवीची यात्रा, दत्तजयंतीला सुरू होणारी सारंगखेड्याची यात्रा, कॉलेजांची स्नेहसंमेलनं. विद्यापीठाचा ‘युवारंग’ महोत्सव पैसे देत नाही, पण तिथे तीन जिल्ह्यांतली कॉलेजं एकाच ठिकाणी भेटतात, आणि पुढच्या स्नेहसंमेलनाच्या सुपाऱ्या तिथूनच येतात. कानबाई सोडली तर जुलै-ऑगस्ट रिकामे जातात. ते लिहायला आणि रेकॉर्डिंगला ठेवा.

हळदी-संगीताचे कार्यक्रम घ्या, जरूर घ्या. बँडचा पाचवा वाटा तिथूनच भरतो. मात्र फरमाइशीच्या कामासाठी वेगळं नाव ठेवा, नाहीतर तुमच्या स्वतःच्या कार्यक्रमातही लोक पहिल्या गाण्यानंतर चिठ्ठ्या पाठवतात. लग्नात वाजणाऱ्या संगीताला कायद्यात सूट आहे. सार्वजनिक, तिकिटाच्या कार्यक्रमात मात्र संगीताचे परवाने काढणं आयोजकाकडे आहे असं व्यवहारात लिहून घ्या.

तारीख तोंडी धरू नका. ‘अप्पांनी शब्द दिलाय’ हे खरं असतं, पण अप्पा अध्यक्षपदावरून गेले की शब्दही जातो. व्हॉट्सअ‍ॅपवर तारीख, ठिकाण, वेळ, मानधन, साउंड कोणाचा, जेवण-मुक्काम आणि रद्द झाल्यास काय, एवढं लिहून ‘मान्य’ असं उत्तर घ्या. निम्मे पैसे तारीख धरताना, उरलेले स्टेजवर चढण्याआधी. कार्यक्रम संपल्यावर हिशेबाचा माणूस सापडत नाही. रात्री दहानंतर लाउडस्पीकर बंद हा नियम २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांतला आहे. सरकार वर्षात मोजक्या दिवशी बारापर्यंत सूट देतं. म्हणून ‘नऊला चढवू’ म्हणणाऱ्या आयोजकाला हसून साडेसातची वेळ द्या, भाषणं धरून.

स्टेजवर चढल्यावर आवाज तपासण्याआधी वीज तपासा. गावोगावी जनरेटरचं अर्थिंग वाऱ्यावर असतं. तीन-चारशे रुपयांचा मल्टिमीटर पेटीत ठेवा. तो एसी व्होल्टवर लावा, एक टोक गिटारच्या तारेला, दुसरं माइकच्या जाळीला. पाच-सात व्होल्टच्या वर काही दिसलं तर गिटारवाल्याने माइकला ओठ लावायचा नाही. मंडपवाल्याला बोलावून अर्थिंगचा रॉड ओल्या जमिनीत ठोकून घ्या, साउंड आणि तुमचं सामान एकाच बोर्डवर आणा, पुन्हा मोजा. ‘अहो, काही होत नाही’ असं शेजारी उभा असलेला कुणीतरी म्हणेलच. गाणारा तो नसतो.

उन्हाळ्यात गिटार आणि कीबोर्ड उभ्या गाडीत ठेवू नका. बंद गाडीत गिटारच्या ब्रिजचा गोंद सुटतो. दुपारच्या कार्यक्रमात लॅपटॉपवर ओल्या टॉवेलची सावली नको, पाणी गळतं. खाली विटा लावून हवा खेळती ठेवा आणि ट्रॅक फोनवरही घेऊन ठेवा.

आता नकाशा बघा. धुळ्याला मुंबई-आग्रा आणि सुरत-नागपूर हे महामार्ग एकमेकांना छेदतात. भुसावळ हे मोठं जंक्शन. तिथून सुरतेकडे जाणारी ताप्ती लाइन जळगाव, अमळनेर, दोंडाईचा, नंदुरबार, नवापूर करत जाते, आणि त्याच लाइनने आपली हजारो कुटुंबं उधना-लिंबायतला जाऊन राहिली आहेत. नाशिकचं सिडको-सातपूर, कल्याण-डोंबिवली, पुण्याकडचं चाकण, तिथेही खान्देशी माणूस मोठ्या संख्येने आहे. बाहेरगावचा पहिला दौरा कॅफेत करू नका, या वस्त्यांत करा. तिथली खान्देशी मंडळं कानबाई बसवतात, स्नेहमेळावे घेतात, आणि गावाकडचा बँड आला तर स्वतः फ्लेक्स लावतात. एका शनिवारी सुरत, रविवारी नवापूर किंवा नंदुरबार असा जोड लागला तर गाडीभाडं निम्मं होतं.

आकाशवाणीची जळगाव आणि धुळे केंद्रं विसरू नका. स्वरचाचणी देऊन श्रेणी मिळवलेला गायक बँडमध्ये असला की सरकारी आणि संस्थांच्या कार्यक्रमांत दार लवकर उघडतं.

हिशेब

प्रत्येकाचं पॅन आणि प्रत्येक शोची पावती हवी. कॉलेज किंवा कंपनी बऱ्याचदा मानधनातून १० टक्के टीडीएस कापते. तो बुडालेला पैसा नाही, विवरणपत्र भरलं की कराच्या हिशेबात धरला जातो आणि जास्त असेल तर परत येतो. पोरं विवरणपत्र भरत नाहीत म्हणून तो तिथेच पडून राहतो. सेवेची वार्षिक उलाढाल २० लाखांच्या पुढे गेली की जीएसटी नोंदणी लागते.

मॅनेजर घ्यायची वेळ केव्हा येते? तारखा सांभाळण्यात तालमीचे दिवस जायला लागले की. आधी नाही. १५ ते २० टक्के हा नेहमीचा दर आहे, पण तो खर्च वजा जाता उरलेल्या रकमेवर ठरवा आणि फक्त त्याने आणलेल्या कामावर. करार एक वर्षाचा करा. त्याच्या काळात ठरलेल्या शोवर त्याला टक्का, करार संपल्यानंतर ठरलेल्यावर नाही, हे वाक्य आत असू द्या. चॅनल, वितरण सेवा आणि बँडचा ईमेल यांचे पासवर्ड मॅनेजरच्या नावावर कधीही जाऊ देऊ नका. ते बँडमधल्या दोघांकडे, आणि तिसऱ्या कुणाच्या तरी घरी बंद पाकिटात. फोन नंबर पडताळणीसाठी लागतो, म्हणून ज्या सिमवर कोड येतो ते सिम रिचार्ज करायचं काम कोणाकडे आहे, तेही त्या ५०० रुपयांच्या कागदावर लिहून टाका.